दाराची कडी आणि आमचा पहिला गोल

ती. वाइनो मामा यांना,

लेंपीचा सविनय नमस्कार. नवा गुडघा मानवला का? डॉक्टरांनी तो रोज सावकाश वाकवायला सांगितलाय आणि तुम्ही तो फक्त टीव्हीवरच्या पंचाला लाथ दाखवण्यापुरता वाकवता, असं मामीने आईला फोनवर सांगितलं. ॲरिझोनात तुम्ही बिनबाह्यांच्या सदऱ्यात संत्री तोडत फिरता, हेही कळलं. ऐकून आनंद झाला. (खरं सांगायचं तर आधी राग आला. इथे गोठलेल्या तळ्यावर मासे धरायच्या झोपड्या लागल्यात आणि गाडीतून उतरून दारापर्यंत जाईतो पापण्या गोठतात. पण नंतर आनंद झाला, आणि तोच जास्त होता.) आईची कंबर बरी आहे. हिल्या मावशीचं विणकाम जोरात आहे. त्याचा उल्लेख पुढे येईलच.

हे पत्र आभाराचं आहे, तेव्हा आभारापासूनच सुरुवात करते. आई मला घरीच स्वयंपाकघराच्या टेबलावर शिकवायची, तेव्हा भूमिती तुमच्या वाट्याला आली होती. मागच्या अंगणात पाणी ओतून गोठवलेल्या बर्फावर तुम्ही मला आइस हॉकीच्या गोलात उभं करायचात आणि म्हणायचात, "कोन चुकला की चकती दातावर." भूमिती मला अजून दातांनी आठवते. पुढे गुडघा गेला तेव्हा कॉलेजला "माझी भाची बघेल" एवढं सांगून तुम्ही वाळवंटात निघून गेलात आणि तुमच्या आख्ख्या आयुष्याचा संघ माझ्या हातात आला. जाताना म्हणालात, "कोचची कामं दोनच. वेळेवर दार उघडायचं आणि तोंड बंद ठेवायचं. बाकीचं मुली करतात." मला वाटलं, तुम्ही थट्टा करताय.

तर मामा, या हंगामात आम्ही एकही गोल केला नव्हता. (एक झाला होता, पण तो पंचांनी नाकारला, आणि बरोबरच नाकारला.) मी अजून हंगामी कोच. क्रीडाप्रमुख टॉल्फसन बाईंनी मला बोलावून सांगितलं, "लेंपी, जिंकायचं नंतर बघू. एक गोल दाखव, म्हणजे तुला कायम करा असं सांगायला मला तोंड राहील. नाहीतर नाताळनंतर जाहिरात काढावी लागेल." आणि नाताळाआधीचा शेवटचा सामना होता अस्वलांचा. तुम्ही त्याला 'चिंध्यांचा पाऊस' म्हणायचात. आपला पहिला गोल झाला की सगळ्या गावाने कापडी अस्वलं बर्फावर फेकायची आणि ती इस्पितळातल्या मुलांना पाठवायची. म्हणजे गोल नाही, तर अस्वलं नाहीत. माझ्या नोकरीचं एक वेळ जाऊ द्या, पण आजारी मुलांची खेळणीसुद्धा आमच्या नेमबाजीवर लटकलेली. त्यात कुणी घाईने अस्वल टाकलं तर शिक्षा आम्हालाच. म्हणून मी कर्ण्यावरून विनंती केली, की अस्वलं फक्त आपल्या मुलीने गोल केल्यावरच टाकावीत. तेच नडलं.

शेवटच्या सत्रापर्यंत दोन्ही बाजू कोऱ्या. सगळं श्रेय आमच्या गोलकीपर सिग्नेचं. तेवढ्यात खेळाडू बदलायची वेळ झाली आणि आपल्या बाकाच्या दाराची कडी अडकली. तुम्हाला ती कडी माहीत आहे. तुम्ही तिला फिनिशमध्ये काहीतरी म्हणायचात आणि ती उघडायची. मला आईने शिकवलेल्या फिनिशमध्ये फक्त प्रार्थना आणि पावांची नावं येतात. मी दोन्ही हातांनी ओढत प्रार्थना म्हटली. कडी हलली नाही. इकडे दमलेल्या मुली बाहेर दार ठोठावतायत, तिकडे ताज्या मुली कठड्यावरून उड्या मारून मैदानात गेलेल्या. सहाच्या जागी किती झाल्या ते मोजायला मी मान वर केली, तोवर पंचाचा हात वर गेला होता.

शिक्षा आम्हाला, पण आमचा चकतीवर ताबा येईपर्यंत काही पंच शिट्टी वाजवत नाही, म्हणजे तोवर आम्ही गोल मारूच शकत नाही. म्हणून समोरच्यांनी रिवाजाप्रमाणे आपली गोलकीपर बाहेर काढून हल्ल्याला एक जादा मुलगी आणली. त्यांनी फटका मारला, सिग्नेच्या पायाला लागून चकती परतली, आणि त्यांच्या एकीने मागे न बघता ती मैत्रिणीकडे ढकलली. मैत्रीण तिथे नव्हती. चकती आपली निघाली, कुणाची घाई नसलेल्या म्हातारीसारखी, सबंध मैदान ओलांडून त्यांच्याच रिकाम्या गोलात.

सगळं गाव उभं, हातात अस्वलं, आणि टाकत कुणीच नाही! सगळे माझ्याकडे बघतायत. ('आपल्या मुलीने' हे माझेच शब्द. शिवाय आपली माणसं तुम्हाला ठाऊक आहेत. कुणी घसरून पडलं तर आधी तीच माफी मागतात.) चकती ढकलणारी ती पोर मैदानातल्या निळ्या रेघेवर तोंड झाकून उभी. माझं मन मला खाऊ लागलं. दार उघडेना, म्हणून कठड्यावर ओणवून मी पंचाला हाक मारली. "साहेब, हा गोल आमचा नाही. आमच्या कुणी मारलाच नाही."

पंच म्हणाला, "बाई, गोल दिला नाही म्हणून शिव्या घातलेल्या पुष्कळ बघितल्या. दिला म्हणून भांडणारी तूच पहिली. तुमच्यातला शेवटचा स्पर्श तुमच्या गोलकीपरचा, तेव्हा गोल तिचा. सरळ उभी राहा."

समोरच्या बाकावरून त्यांचे म्हातारे कोच ऑर्विल ओरडले, "अगं पोरी, घे की तो गोल! बाहेर बर्फ पडतंय, आमची बस अडकेल!"

तेवढ्यात हिल्या मावशीने आपलं विणलेलं सांबर भिरकावलं, नेमकं त्या रडणाऱ्या मुलीच्या पायाशी. "ए बाळ, रडू नकोस! माझी भाची तर आख्खा हंगाम हेच करतेय!" पोर हसली, तिने सांबर उचललं, आणि मग जी अस्वलं बरसली, मामा, की गोल दिसेनासे झाले. (पुढे आम्ही हरलो. ते सवयीने झालं.)

टॉल्फसन बाई खाली आल्या. "गोल कुणी केला?"

"त्यांनी."

"मग तू काय केलंस?"

"मला दार उघडता आलं नाही."

त्या हसून हसून अस्वलांच्या ढिगावर बसल्या आणि म्हणाल्या, कायम व्हायचंय का ते सोमवारी सांग.

अस्वलं गोळा करताना मला कळलं, की मुख्य कोच असूनही तुम्ही दारावर स्वतः का उभे राहायचात. आत येणारी मुलगी आधी तुमच्या तोंडाकडे बघायची. आता माझ्याकडे बघतात. माझं तोंड अजून तुमच्यासारखं झालेलं नाही, पण बघतात. त्याबद्दल, आणि दातांबद्दल, मनापासून आभार. मामीला नमस्कार.

तुमची भाची,
लेंपी

ता. क. तुम्ही पाठवलेली संत्री पोचली. वाटेत गोठून दगड झाली होती, म्हणून मुलींनी ती गोलावर मारली, पण सिग्नेने सगळी अडवली.

ता. क. दुसरा. टॉल्फसन बाईंना मी होकार दिला, पण मदतनीस हवा या अटीवर. त्यांनी नाव विचारलं आणि माझ्या तोंडून तुमचं गेलं. आधी तुम्हाला विचारायला हवं होतं. तेव्हापासून झोप नाही. पगार नाही, कॉफी आहे. गुडघ्यासाठी दाराशी स्टूल ठेवलंय.

ता. क. तिसरा. सुतार कडी बदलू म्हणत होता, मी नको म्हटलं. तिला उघडणारा तो शब्द हिल्या मावशीला येतो, पण ती सांगताना लाजते. आणि आई म्हणते, तो लिहिलेलं पत्र ती घरात घेणार नाही. तेव्हा तो लिहून पाठवू नका. घेऊनच या.