म्हैस व्याली अन् हुकूम मोडला

वाटूर, शुक्रवार

चि. अंगदास, रखमाजीदादाचा आशीर्वाद. इकडं समदे खुशाल. तुझा गुडघा कसा हाये? तेल लावत जा, जिने चढू नको. (कोर्टाचा जिना तर बिलकुल चढू नको.)

तू म्हणशील, दादा समोरच्या घरात राहतो अन् पत्र काहून लिहितो? आमच्या वकीलबाई शीतलताईंनी ताकीद दिली, वादीशी एक शब्द बोलायचा न्हाई. आता वादी तूच, हे मला ठाऊक हाये. पण मी वादीला लिहून न्हाई राह्यलो, चुलतभावाला लिहून राह्यलो. तेवढं ध्यानात ठेव अन् पत्र वादीला दाखवू नको.

तर झालं असं. गोठ्याच्या जागेवरून वादी भांडला, कोर्टानं चार महिन्यांखाली हुकूम दिला, निकालापर्यंत जागा जैसे थे, कुणी काही वाढवायचं न्हाई, हलवायचं न्हाई. मी हुकूम इतका पाळला की कोपऱ्यातलं फुटकं घमेलंसुद्धा तिथंच ठेवलं. शेण उचललं तर हलवलं, ठेवलं तर वाढलं, या इचारात दोन दिवस मला जेवण गेलं न्हाई. शेवटी तुझी वहिनी उषाबाई फावडं घेऊन आली, म्हणाली, कोर्टाला मी जबाब देते, तुम्ही बाजूला व्हा. अन् मंगळवारी आपली चंद्री व्याली! हुकमाच्या दिवशी एक म्हैस, आता दीड. बुधवारी वादीनं अर्ज ठोकला की मी हुकूम मोडून जागेत जनावर वाढवलं. अरे, मी वाढवलं? मी त्या येळेला च्या पेत व्हतो! म्हशीला हुकूम वाचून दाखवायचा व्हता का? सोमवारी तारीख हाये. हुकूम मोडला असं ठरलं तर मला जेलात बसवतील. उषाबाई आतापासूनच माझी पिशवी भरून राह्यली. (भरताना गाणं म्हणून राह्यली, ते मला आवडलं न्हाई.)

बाकी ठीक. भावाचा लोभ भावापाशी असू दे, वादीचा राग वादीपाशी.

तुझा दादा (प्रतिवादी)
रखमाजी

ता.क. हुकमाच्या आधी चंद्री गाभण हाये का ते तपासायला परतूरहून जनावराच्या डॉक्टरला मोटारसायकलवर कोण घेऊन आल्तं? तूच. म्हणजे हुकमाच्या दिवशी रेडकू जागेतच व्हतं, फक्त आत व्हतं. तवा सोमवारी माझ्याकडून साक्षीला ये. वादीच्या विरुद्ध बोलावं लागंल, पण घरचाच माणूस हाये, ऐकून घेईल.

ता.क. दुसरा. खरं सांगू का, जेलाचं एवढं न्हाई. चंद्री मला धार काढू देत न्हाई. पहिल्या दिवशी तांब्याभर चीक दिला (खरवस सोबत पाठवलाय) अन् मंग लाथ घालून मला घमेल्यात बसवलं. (घमेलं बराबर त्याच जागी हाये.) कास दगडासारखी झालीय. तुझ्या घराकडं तोंड करून वरडती, मला बघवत न्हाई रे. जल्दी ये. हुकमाच्या दिवशी सकाळी गोठ्याचं दार उघडं व्हतं अन् धार तू काढत व्हता. दार मी तसंच उघडं ठेवलंय. आता हुकूम पाळायचा तेवढा तुझ्याकडून राह्यलाय.