रेडिओ बंद होता तेव्हा

४ मार्च

चि. धाकट्यास ताईचे अनेक आशीर्वाद.

नीट पोचलास ना? स्वेटर इथेच विसरलास. वेंधळेपणा काही जात नाही तुझा!

हे गेल्यापासून घर खायला उठतं. एक विचारायचंय. ह्यांचं मोडलेलं विमान तुमच्याच वर्कशॉपात तपासायला आलंय आणि वायरिंग तू बघतोस, म्हणून तुलाच. त्या दुपारी विमानतळावर रेडिओच्या ड्यूटीला मीच होते. जनरेटर बंद पडलाय, एवढंच हे बोलले आणि आवाज गेला. मी मात्र बोलत राहिले. ढग कुठवर आहेत ते सांगितलं, वारा सांगितला, शेवटी नियम सोडून, घरी या हो, असंही म्हणाले. त्यांना ऐकू गेलं का रे? त्यांचा आवाज येत नसेल, पण माझा पोचत असेल, असं होऊ शकतं ना?

समजूत घालू नकोस. खरं काय ते लिही. जेवणाची आबाळ करू नकोस.

तुझी ताई

११ मार्च

ती. ताईस शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र खिशात घेऊन फिरत होतो, लिहायचा धीर होत नव्हता.

नाही, ताई. ऐकू गेलं नाही. रेडिओचं बटण हाताने बंद केलेलं आहे. जनरेटर गेला की उरते ती छोटी राखीव बॅटरी. आणि दाट ढगात वर कुठे, खाली कुठे हे माणसाला कळत नाही; विमान सरळ धरायला ऑटोपायलटच लागतो. भावजींनी दिवे, हीटर, रेडिओ सगळं बंद करून होती नव्हती ती वीज त्याला दिली. ढगाखाली येईपर्यंत ती पुरली. मग त्यांनी स्वतः विमान शेतात उतरवलं. पुढचं टोक आपटलं. मागे बसलेले, इस्पितळात न्यायचे ते आजारी आजोबा आणि त्यांच्या सोबतच्या नर्सबाई वाचल्या.

नर्सबाईंना इस्पितळात भेटलो. त्या म्हणाल्या, बटणावर भावजींचा हात जरा थांबला होता. मग म्हणाले, खाली माझी बायको आहे, उत्तर आलं नाही तरी ती बोलतच राहील. आणि बटण बंद केलं.

खोटं लिहिणं सोपं होतं गं. तूच नको म्हणालीस. रागावलीस तरी माया पातळ करू नकोस.

तुझा धाकटा

२० मार्च

चि. धाकट्यास अनेक आशीर्वाद.

राग आला, पण तुझा नाही, ह्यांचा. नुसतं 'येतो' म्हणायला कितीशी वीज लागली असती?

काल नर्सबाई घरी आल्या. उजवा हात गळ्यात बांधलेला. आपण वाचलो म्हणून दारातच माफी मागायला लागल्या. मी त्यांना आत घेतलं, ताट वाढलं. डाव्या हाताने जमेना, तेव्हा मीच भरवायला बसले. भरवता भरवता मला रडू फुटलं, इतके दिवस अडून राहिलेलं. त्याही रडल्या. मग डोळे पुसून हळूच म्हणाल्या, अजून एक घास द्याल?

दिला. असाच खरं लिहीत जा.

तुझी ताई