डॉकरे यांच्या शेतातली पेटीवाट

मी, रोविना बर्केट, वय चोवीस, राहणार ऑमरथ्वेट, परगणा वेस्टमोरलँड, हे स्वतःच्या हाताने आणि कोणाच्याही दडपणाशिवाय लिहीत आहे. माझे रक्त आजारी आहे, डोके नाही. डॉक्टरांनी तसे लिहून दिले आहे. गवतकापणीपर्यंत मी असेन, असे त्यांना वाटत नाही. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. चोविसाव्या वर्षी कोण करते?

१. घर भाड्याचे आहे, तेव्हा त्याचा प्रश्न नाही. पोस्टातली शिल्लक आईला, ॲग्नेस बर्केट हिला. तिने ती माझ्या थडग्याच्या दगडावर घालवू नये. बाबा आयुष्यभर गडगे रचत आले आहेत. एक दगड त्यांना सापडेल.

२. सायकल बहीण बेरिलला. घंटी वाजत नाही, ती का हे तिला ठाऊक आहे. या कागदाची अंमलबजावणीही तिनेच करावी.

३. पदवीचे प्रमाणपत्र बाबांना. घराण्यातले पहिलेच म्हणून त्यांनी ते चुलीवरच्या भिंतीवर लावले होते. मग एक दिवस उतरवले. कारण पुढच्या कलमात आहे.

४. मी लिहिलेल्या गावाच्या इतिहासाच्या उरलेल्या प्रती जाळाव्यात. अकरा घरांच्या गावाचा इतिहास तो केवढा! लादलेल्या घोड्यांची ओझी अडकू नयेत म्हणून बिनकठड्याचा बांधलेला पूल, पंप, आणि टेकडीवरचा चपटा दगड. आमच्याकडे दफनभूमी नाही. चर्च टेकडीपलीकडे दोन मैलांवर. पेटीवाटेने तिकडे जाताना खांदेकरी शवपेटी त्या दगडावर टेकवून दम घेत. चौदाव्या पानावर मी लिहिले: 'ज्या वाटेने प्रेत गेले ती वाट कायमची सर्वांची, असे गाव मानते. कायद्यात याला आधार नाही.' या वाक्याचा मला फार अभिमान होता.

ती वाट विल्फ डॉकरे यांच्या शेतातून जाते. त्यांनी पुस्तिका विकत घेतली, वाचली आणि आठवड्यात फाटकाला कुलूप लावले.

"आम्हाला खोटं पाडायला शिकलीस का गं?" बाबांनी विचारले. मी म्हणाले, "पण ते खरंच खोटं होतं, बाबा." आई बटाटे सोलत होती. ती म्हणाली, "अगं, ते आम्हालाही ठाऊक होतं. पण फाटक उघडं होतं ना?"

माझा थोरला भाऊ अकरा दिवसांचा होऊन गेला. आई दर रविवारी त्या वाटेने त्याच्या थडग्याकडे जायची. सडकेने सात मैल पडतात, आणि तिचे कंबरेचे हाड दुखते. कुलूप लागल्यापासून दोन वर्षांत ती तीनदाच जाऊ शकली. आता तिथे तिची दोन मुले असतील.

५. म्हणून माझी पेटी सडकेने, गाडीतून नेऊ नये. पेटीवाटेने, खांद्यावरून न्यावी आणि त्या दगडावर टेकवावी. यामुळे वाट कायद्याने गावाची होणार नाही, हे मला माहीत आहे. तरीही न्यावी.

६. विल्फ डॉकरे यांना मी काहीही देत नाही. राग म्हणून नाही. ज्याला मृत्युपत्रात काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये असा नियम आहे, आणि मला त्यांची सही हवी आहे. काल निरोप धाडला, तर ते चिखलाच्या बुटांनिशी दारातच उभे राहिले.

"तूच लिहिलंस ना पोरी, की वाट नाही म्हणून?"

"हो काका. मीच लिहिलं."

"मग मला कशाला बोलावलंस?"

"कायदा सांगून झाला. आता विनंती करायची आहे."

ते टोपी हातात फिरवत राहिले. "उद्या मेंढ्यांना चारा घातला की येतो," एवढेच म्हणाले.

आत्ता ते खाली स्वयंपाकघरात आले आहेत. आईने चहा विचारलेला ऐकू आला. मी सही करते.

रोविना बर्केट
ऑमरथ्वेट, ९ मार्च १९७१

आम्हा दोघांसमोर सही झाली:

१. डोरीन फॉसेट, परिचारिका

२. विल्फ्रेड डॉकरे, शेतकरी. वरचे सगळे वाचले. कुलूप येतानाच काढले. ॲग्नेस बर्केट यांनी रविवारी यावे, पोरगी असतानाच.