आईला विचारलं त्या रविवारी

बाबा, काल वर्गात एका मुलीने विचारलं, राजाने सगळ्यांना विचारलं आणि सगळे चुकीचं बोलले तर काय करायचं? मी नेहमीचं उत्तर दिलं. घरी येताना गाडीत लक्षात आलं की हा प्रश्न तुम्ही मला विचारला होता, तोही गाडीतच, आणि तेव्हाही माझं उत्तर धड नव्हतं. म्हणून लिहायला बसले आहे. मराठीत लिहिते आहे, कारण तुमच्याशी भांडणं इंग्रजीत व्हायची आणि आज भांडायचं नाही. अक्षर तुम्हीच घोटून घेतलेलं आहे. सनीव्हेलच्या त्या घरात दर शनिवारी एक पान शुद्धलेखन, त्याशिवाय टीव्ही नाही. काय चिडायचे मी! आता मी कॉलेजात मध्ययुगातल्या युरोपचा राजकीय विचार शिकवते, आणि घरी कोणी नसलं की मराठीत स्वतःशी बोलते. दोन्ही तुमच्यामुळेच, फक्त त्यातलं एक तुमच्या मनाविरुद्ध.

इंजिनिअरिंग सोडून मी हा विषय घेतला तेव्हा तुम्ही आरडाओरडा केला नाहीत. नुसते गप्प झालात, आणि ते जास्त वाईट होतं. आईने मध्ये पडून काही सांगायचा प्रयत्न केला तर तुम्ही पेपर वर धरायचात. मग मंडळाचा गणपती आला. शाळेच्या भाड्याने घेतलेल्या हॉलमध्ये जेवता जेवता एका काकांनी विचारलं, “मुलगी काय करते सध्या?” तुम्ही गंभीर चेहऱ्याने सांगितलंत, “ती पोपवर रिसर्च करते.” काकांचा पुरीचा घास तसाच हातात राहिला. “म्हणजे? कन्व्हर्ट वगैरे झाली की काय?” तुम्ही इतके हसलात की डोळे पुसावे लागले. मी मागेच उभी होते. अपमान वाटायला हवा होता, पण तुमचा राग ओसरलाय एवढंच मला दिसलं आणि मीही हसत सुटले.

मग शुक्रवारचे प्रवास सुरू झाले. मी दुसऱ्या वर्षाला आहे, कॉलेज घरापासून तासाभरावर आहे, आणि तुम्ही ऑफिस सुटल्यावर मला न्यायला येता. चिप बनवणाऱ्या कंपनीचा बॅज खिशाला तसाच लटकलेला. गाडी फ्रीवेला लागली की म्हणता, “हं, सांग. काय म्हणतात तुझे पोप?” आणि मी सुरू होते. त्या काळच्या शहाण्या लोकांना छळणारा प्रश्न साधा होता: सत्ता येते कुठून? जुनं मत असं, की ती देवाकडून येते, आणि तिथून पायरीपायरीने खाली उतरते. मग पहिली पायरी पोपची की राजाची, यावर पिढ्यान्‌पिढ्या भांडणं. तेवढ्यात जुने ग्रीक ग्रंथ, काही अरबांच्या हातून, काही थेट, लॅटिनमध्ये येऊन पॅरिसला पोचतात, आणि तिथले मठवासी वाचू लागतात की राज्य ही माणसाच्या पापाची शिक्षा नाही, एकत्र राहणं हा माणसाचा स्वभावच आहे. एकदा हे मान्य केलं की पुढचा प्रश्न कोणीतरी विचारणारच. सत्ता खालून वर जात असेल तर? लोकांकडून राजाकडे? हे सांगताना माझा आवाज चढलेला असायचा. तुम्ही शांतपणे लेन बदलत म्हणालात, “करंट असा उलटा जात नाही गं.”

“बाबा, पीपल आर नॉट ट्रान्झिस्टर्स.”

“ते मला रोज कळतं,” तुम्ही म्हणालात. “ट्रान्झिस्टर ऐकतात.”

पण एका शुक्रवारी मी तुम्हाला त्या मठवाशांच्या वादाची पद्धत सांगितली. तिथल्या विद्यापीठात आपलं मत मांडायच्या आधी विरुद्ध बाजू मांडावी लागे. तीही लंगडी करून नाही, समोरच्याने मान डोलवावी अशी. मग आपलं मत, आणि मग एकेका आक्षेपाला उत्तर. तुम्ही स्टिअरिंगवर थाप मारलीत. “अगं, हा तर पूर्वपक्ष! आपले शास्त्रीबुवा दुसरं काय करायचे? हे आधी नाही का सांगायचंस?” त्या दिवसापासून माझा विषय तुमच्या लेखी विषय झाला. माझ्या वाढदिवसाला तुम्ही जुन्या पुस्तकांच्या दुकानातून लॅटिनचा जाडजूड शब्दकोश शोधून आणलात. कुठल्याशा बंद पडलेल्या पाद्री-शाळेचा शिक्का होता त्यावर. “घे,” म्हणालात, “तुझ्या लोकांचा आहे.” मला त्या दोन शब्दांचं फार बरं वाटलं होतं, माझ्या लोकांचा.

आणि मग चिपचा धंदा बसला. जपानी मेमरी चिप इतकी स्वस्त झाली की तुमच्या कंपनीला तिच्याशी टक्कर देता येईना. तुमच्या ग्रुपमधली माणसं टेबलावरची चित्रं, कप, झाडाची कुंडी खोक्यात भरून जायला लागली. तुमची नोकरी गेली नव्हती, पण तुम्ही रोज सकाळी गेल्यासारखाच चेहरा करून निघायचात. त्याच सुमाराला पुण्याच्या तुमच्या मित्राने कारखाना काढला. इंजिनिअर हवा होता, विश्वासाचा माणूस हवा होता, आणि तुम्ही तर इथे आल्या दिवसापासून परत जायचंच म्हणत होतात. घरात नवा सोफा घ्यायचा म्हटलं तरी “कशाला, जायचंच आहे” म्हणायचात. एका शुक्रवारी गाडीत तुम्ही सांगितलंत, “जूनमध्ये आपण परत जातोय. मी हो म्हणून कळवलंय. तुझं कॉलेज तिथे बघू.”

मी विचारलं, “आईला विचारलंत?”

“सांगितलंय तिला.”

“सांगणं आणि विचारणं सेम नाहीये, बाबा.”

“त्यात विचारायचं काय? तिच्या बहिणी तिथे, सगळं माहेर तिथे. ती खूशच होणार.”

तेव्हा मी तुमच्यावर माझा आवडता नियम सोडला. मुळात रोमन कायद्यातली किरकोळ तरतूद होती ती. एका अनाथ मुलाचे पालक अनेक असतील तर सगळ्यांची संमती हवी, इतकंच. चर्चच्या कायदेपंडितांनी ती उचलली आणि मोठी केली: ज्या गोष्टीची झळ सगळ्यांना लागते, तिला सगळ्यांची मान्यता पाहिजे. पुढे राजांना कर बसवण्याआधी सभा बोलवाव्या लागल्या, त्यामागे हाच विचार होता. तुम्ही ऐकून घेतलंत आणि म्हणालात, “आणि सगळ्यांना विचारलं, नि सगळे चुकीचं बोलले तर?” मी काहीतरी पुटपुटले. तुमचा आवाज चढला. “पुस्तकातला न्याय घरात आणू नकोस. घर म्हणजे पार्लमेंट नाही.” मग लेन बदलून तुम्हीच म्हणालात, “बरं. तुझीच पद्धत. आधी माझी बाजू मांड. नीट मांड.”

मी मांडली. म्हटलं, तुम्हाला उरलेलं सगळं आयुष्य फोनवर आपलं नाव एकेक अक्षर सुटं करून सांगायचं नाहीये. तुम्हाला अशा ठिकाणी काम करायचंय जिथे मीटिंगमध्ये तुमचा विनोद लोकांना कळेल. जिथे वाण्यापासून प्रोफेसरपर्यंत कोणी “पण मुळात कुठले तुम्ही?” असं विचारणार नाही. जिथे आजारी पडलं तर शेजारी न सांगता डबा घेऊन येतील. मी बोलत राहिले, मला थांबवेना. तुम्ही एक्झिट चुकवलीत. शेवटी म्हणालात, “इतकं पटलंय तर मग अडतंय कुठे?”

“आईला विचारण्यात,” मी म्हणाले.

रविवारी आई आमटीला फोडणी देत होती आणि नेहमीप्रमाणे छतावरचा स्मोक अलार्म कोकलायला लागला. हे काम तुमचं. तुम्ही खुर्ची ओढलीत, वर चढलात आणि पेपराची घडी करून अलार्मला वारा घालायला लागलात. मी टेबलाशी कोथिंबीर निवडते आहे. तो आवाज चालू असतानाच तुम्ही ओरडून विचारलंत, “अगं, तुला जायचंय का पुण्याला?”

आई म्हणाली, “आता कशाला विचारता? ठरलंय ना?”

“नाही. विचारतोय.”

अलार्म थांबला. आईने स्टोव्हचं बटण फिरवून बंद केलं, हात पदराला पुसले. तिला प्रश्न नवा होता, पण उत्तर नवं नव्हतं, हे तिच्या आवाजावरून कळत होतं. “इकडे यायचं ठरलं तेव्हा मला तिकिटं आल्यावर कळलं. मला यायचं नव्हतं हो. सुरुवातीला मी बाथरूममध्ये नळ सोडून रडायचे, हिला ऐकू जाऊ नये म्हणून. आता प्रीस्कूलमध्ये मला माझा वर्ग दिलाय. मुलं सकाळी माझी वाट बघतात. तिकडे गेले की मी परत कोणाची तरी सून आणि कोणाची तरी वहिनी. मला नाही जायचं.”

तुम्ही खुर्चीवरच उभे होतात, हातात पेपर. घरातल्या सगळ्यांपेक्षा उंच, आणि मी तुम्हाला इतकं लहान कधी पाहिलं नव्हतं. “बरं,” तुम्ही म्हणालात. खाली उतरलात, खुर्ची जागेवर ठेवलीत. माझ्याकडे एकदा बघितलंत. त्या बघण्यात राग नव्हता. झालं ना तुझ्या मनासारखं, असं काहीसं होतं. मग आईला म्हणालात, “जेवायला किती वेळ आहे?”

दुसऱ्या दिवशी तुम्ही पुण्याला फोन करून नाही म्हणून कळवलंत. उन्हाळ्यात तुमची नोकरी गेलीच. पुढची मिळाली ती लहान कंपनीत, दुसऱ्यांनी बनवलेले बोर्ड तपासायची, आणि निवृत्त होईपर्यंत तुम्ही तीच केलीत. मित्राचा कारखाना वाढला, त्याची बातमी आली की तुम्ही आनंदाने सगळ्यांना सांगायचात. तुम्ही “तुझ्यामुळे” हा शब्द आईला कधी म्हणाला नाहीत, मलाही नाही. नवा सोफा घेतलात मात्र, त्याच दिवाळीत. आई निवृत्त झाली तरी तिच्या वर्गातली मुलं, आता दाढीवाले बाप्ये, दुकानात तिला वाकून मिठी मारतात. ती अजून त्याच घरात राहते. इकडे मॅसॅच्युसेट्सला माझ्याकडे चल म्हटलं की म्हणते, तुझ्या बर्फात मी काय करू? तिला आता विचारल्याशिवाय कोणी कुठे नेऊ शकत नाही.

मी तुम्हाला तेव्हा सांगितलेला नियम अर्धा होता. पुढचं मला फार उशिरा कळलं. सगळ्यांना विचारायचं खरं, पण त्या कायदेपंडितांतले काही म्हणत की मतं नुसती मोजू नयेत, तोलावीत. कोणाचं किती पणाला लागलंय, तेही बघावं. काल त्या मुलीला मी हेच सांगितलं, आणि मग गाडीत मला वाटलं, तुम्ही ते पुस्तक न वाचता केलंत. आईचं एक वाक्य तुम्ही तुमच्या इतक्या वर्षांच्या इच्छेपेक्षा जड धरलंत. मी जन्मभर या माणसांची चरित्रं वाचते आहे, स्वतःच्या विचाराची किंमत मोजणारी त्यांच्यात फार थोडी सापडतात. हे मी तुम्हाला जिवंतपणी सांगायला हवं होतं असं नाही, तुम्ही पेपर वर धरला असतात. पण मला तुमचा अभिमान वाटतो, आणि तुमची आठवण येते.

आता राहिलेलं. त्या रविवारी तुम्ही मला विचारलं नाहीत. आईला विचारा म्हणून मी भांडले, म्हणजे मला इथेच राहायचंय असं तुम्ही धरलंत. आईनेही तेच धरलं, आजही धरते. “तू होतीस म्हणून आपण राहिलो,” म्हणते. विचारावं एवढ्यासाठी मी भांडले होते, बाबा. उत्तर काय यावं, हे माझ्या वादात नव्हतं. तुम्ही विचारलं असतंत तर आपण दोघं एकीकडे आणि आई एकटी दुसरीकडे, असं झालं असतं, आणि ती पुन्हा मुकाट्याने बॅगा भरायला लागली असती. तेव्हा तुम्ही विचारलं नाहीत ते बरंच झालं. मी इथे सुखात आहे, काम आवडीचं आहे, तक्रार नाही. हे पत्र आईच्या हाती लागू नये म्हणून मी ते आजच फाडणार आहे.

मला जायचं होतं, बाबा.