जावक क्रमांक ४१२-अ

प्रिय घड्याळबाई,

हे नाव मीच ठेवलेलं, तेव्हा रागावू नकोस. दहाच्या ठोक्याला तुझी पर्स टेबलावर आपटायची आणि मी आवक-जावकच्या खिडकीतून ओरडायचे, चला, वाजले दहा! चौदा वर्षांत तू मिनिटभर उशीर केला नाहीस. आणि तुझ्या बडतर्फीच्या आदेशात लिहिलंय, की संधी देऊनही कर्मचारी सुनावणीला हजर राहिली नाही. वाचून आधी हसू आलं, मग आदेश मी परत पहिल्यापासून वाचला.

ऑफिसचं म्हणशील तर सगळं तसंच. पाणी तपासायच्या खोलीत तुझ्या जागी नवी मुलगी आलीय. बिचारी बाटल्यांना हात लावायलाही घाबरते. टेकडीवरच्या टाकीचं पाणी खराब आहे हे तू तीनदा लिहून दिलंस, आणि नमुने तूच बदललेस म्हणून आरोप तुझ्याच माथी मारला. हे बघून कोण घाबरणार नाही? शिपाईमामा रोज तुझी चौकशी करतात. तुझी कुंडी मी माझ्या खिडकीत आणलीय. झाड जगलंय, पण उगाच रुसल्यासारखं दिसतं.

परवा बाजारात तुझी लेक भेटली. मावशी म्हणून नेहमीसारखी बिलगली. म्हणाली, आई दिवसभर एकच धरून बसते, नोटीस आलीच नाही, एकदा विचारलं असतं तर सगळ्या वह्या दाखवल्या असत्या. वकील म्हणतात, अपिलात ऑफिसवाले नोटीस पाठवल्याची नोंद दाखवतील, तुमच्याकडे काय आहे? मग पोरीनं मला सरळच विचारलं, मावशी, आई खोटं बोलत नाही ना गं? मी तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि भाजी न घेताच घरी आले.

आमच्या खिडकीची रीत तुला ठाऊक आहे. जावक रजिस्टरात दिवसाच्या नोंदी संपल्या की खाली एक ओळ कोरी सोडायची, म्हणजे साहेबांचा एखादा कागद मागाहून आला तरी त्याच तारखेत बसतो. मला आधीच्या बाईंनी शिकवलं, मी पुढच्यांना शिकवलं, कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही. तुझ्या सुनावणीच्या महिन्यातल्या नऊ तारखेची ओळ कोरीच राहिली होती. आदेशात म्हणतात ती सुनावणी सोळाची. सतराला सकाळी साहेबांनी मला केबिनमध्ये बोलावलं, नऊ तारखेची नोटीस पुढे सरकवली आणि म्हणाले, एवढी चढवून टाका. वर तुझं नाव होतं. मी ते वाचलं. वाचलं नव्हतं असं सांगता आलं असतं तर किती बरं झालं असतं गं! पण माझ्या बढतीचा कागद त्यांच्याच टेबलावर होता, आणि मी पेन उघडलं. ४१३ नंबर दहा तारखेलाच वापरून झाला होता, म्हणून ४१२-अ लिहिलं. नोटीस पाकिटात गेलीच नाही, सरळ तुझ्या फाइलीला लागली. माझी बढती झाली तेव्हा सगळ्यांनी अभिनंदन केलं. तू घरी बसली होतीस, तरी तूसुद्धा फोन केलास.

म्हणून हे पत्र. सोबत त्या पानाची झेरॉक्स आहे आणि माझा सही केलेला जबाब. वकिलांना दे, मूळ रजिस्टर मागवायला सांग आणि सोमवारी अपिलाच्या सुनावणीत मला साक्षीला बोलव. माझ्यावर यायचं ते येईल. उद्या मलाही नोटीस निघेल, आणि ती खरंच टपालात पडते का हे बघायला खिडकीत मी नसेन. माफी मागायला मला तोंड नाही. माझ्याशी बोलली नाहीस तरी चालेल. सुनावणी अकरा वाजताची आहे ना? मी साडेनवालाच येऊन बसते. एकदा तरी तुझ्या आधी.

तुझीच, अजून म्हणू देशील तर,
खिडकीवाली