डाव्या पायाचा घास

ठाणे, ता. ४ डिसेंबर १८९९

ती. मारुतीदादास आवडाचा सा. न. वि. वि.

काल तळ्याकाठच्या तंबूत हलती चित्रं पाहिली. पडद्यावर 'बिनहातांची बाई' म्हणून आपली धाकटी हौसा! पायाने सुई ओवली, भात खाल्ला. लोक हसले, मी मात्र तिचे पायच पाहत राहिले. ती डाव्या पायाने जेवली, दादा. उजवा पाय जेवणाचा, डावा कामाचा, ही आईची शिकवण. डाव्याला शीत लागलं तरी हौसा उठून पाय धुवायची. कुणा दुसरीलाच हात पदराआड बांधून तर बसवलं नाही ना? मग आपली हौसा कुठे आहे? वर्षाच्या कराराने तू तिला खेळवाल्यांबरोबर धाडलीस, आता तिसरं सरतंय. तिच्या पत्रांत दर वेळी 'सुखरूप आहे' एवढंच. मला ते खरं वाटत नाही.

लोभ आहेच, या खेपेस उत्तर लवकर हवं.

आवडा

कल्याण, ता. ७ डिसेंबर

चि. आवडास अनेक आशीर्वाद.

गवळ्याच्या दुधातलं पाणी तू डोळे मिटून ओळखशील! हौसा मजेत असल्याचं मालकाने परवाच कळवलं. तरी खेळवाली मंडळी शीळफाट्याला उतरली आहेत, तर रविवारी गाडी जोडून जातो. तुझी खात्री होईल. जावईबापूंना नमस्कार, आमच्यावर राग नसावा.

मारुती

कल्याण, ता. ११ डिसेंबर

चि. आवडास आशीर्वाद.

मालक आधी म्हणाला आजारी आहे, मग म्हणाला गावी गेली. मी सरळ राहुटीत शिरलो. हौसा आत होती, निम्मी झालेली. चित्रातली बाई तीच. पत्रं मालक सांगेल तशी लिहावी लागत. म्हणून चित्र काढणारा आला तेव्हा तिने मुद्दाम डाव्या पायाने घास घेतला. पत्र मालकाला वाचता येतं, घास येत नाही, आवडाताई पाहील आणि तिला संशय येईल, असं म्हणाली. दादाला संशय का नाही येणार, असं मी विचारलं. दादानेच तर पाठवलं होतं, म्हणाली.

करार चारचौघांत वाचून दाखवला आणि तिला घेऊन आलो. दारात तिने दोन्ही पाय धुतले. वहिनीने ताट वाढलं. ती उजव्या पायाने पोटभर जेवली. मला घास उतरला नाही.

लगेच ये. लोभ ठेव, असं लिहायला आज हात धजत नाही.

मारुती