केसभर चढलेला सूर

बफेलो,
१२ फेब्रुवारी २०२३

प्रिय ऑगी,

तू आणि इडिथ दोघंही बरे असाल. तिचा नवा खुबा आता कुरकुरत नसावा. यंदा नाताळचं पत्र राहिलं. तू रागावला असशील. तुला रागवायला कारण लागतंच असं नाही, पण यंदा कारणही होतं. फोन केला असता, पण त्या कानयंत्रातून तुला माझी नुसती खरखर ऐकू येते आणि तू "काय? काय?" करत बसतोस. त्यापेक्षा पत्र बरं.

इकडे बर्फ आहे. तू तिकडे अंगणात बसून, उघड्याबोडक्या डोंगरांकडे बघत कॉफी पीत असशील, म्हणून जास्त सांगत नाही. स्टॅन रोज सकाळी फावडं घेऊन गाडीची वाट मोकळी करतो आणि दुपारी सरोवरावरून वारा सुटला की ती पुन्हा भरून जाते. नोकरी संपल्यापासून या माणसाला स्वयंपाकाचं वेड लागलंय. आईच्या हातच्या पिएरोगी जमल्याच पाहिजेत म्हणून बटाटा आणि चीज भरून तासन् तास लाटत बसतो. पहिली खेप उकळत्या पाण्यात फुटली, तर मला म्हणतो, "सूप समज आणि पी." शुक्रवारी मात्र चुलीला सुट्टी. कोपऱ्यावरच्या बारमध्ये तळलेला मासा खायला जातो. फर्नही येते. क्लॅरिनेट सोडून तिला इतकी वर्षं झाली, पण टेबलावर बोटं अजून वाजवत असते.

वाद्यवृंदाचं म्हणशील तर झकास चाललंय. नवे कंडक्टर तरुण आहेत. हात फार हलवतात, पण कान चांगला आहे. आमच्या ओबो वाजवणाऱ्यांत इमानी प्रूइट नावाची मुलगी आलीय, यंग्जटाउनची. तालमीला सगळ्यांच्या आधी हजर. तिचा आवाज ऐकलास तर तूसुद्धा नाक मुरडायचं विसरशील. असा गोल, उबदार आवाज मी फार थोड्यांचा ऐकलाय.

मी बरी आहे. खरंच बरी आहे. ओबोच्या तोंडाशी लावायच्या रीड मात्र हल्ली जरा वेगळ्या करते. बोरू टोकाशी पूर्वीइतका पातळ तासत नाही, थोडा जाड ठेवते, म्हणजे खालचा सूर फुटत नाही. तो सगळ्यात खालचा बी-फ्लॅट, तोही इतका हळू की सुरू झाला कधी ते कुणाला कळू नये, काय कठीण काम आहे रे! परवा तो मनासारखा लागला. घरी येईपर्यंत मी गाडीत एकटीच हसत होते.

बाकी विशेष नाही. इडिथला आठवण काढल्याचं सांग.

लॉर्ना


टूसॉन,
२१ फेब्रुवारी

लॉर्ना,

खुबा ठीक. आम्ही ठीक. डोंगर बोडके नाहीत, त्यांवर निवडुंग आहेत.

आता खरं बोल. तुझ्या शेजारी मी उभा जन्म काढला. सोलोची तक्रार नाही असं तुझं एकही पत्र मला आजवर आलेलं नाही. कंडक्टर फार हळू घेतात, श्वास पुरत नाही, व्हायोलिनवाले दाबून टाकतात. या पत्रात एकही सोलो नाही. नुसते खालचे सूर. तो बी-फ्लॅट पहिल्या ओबोच्या वाट्याला येतो कितीदा? आणि तोही हळू? ते आमचं, दुसऱ्या ओबोवाल्यांचं दळण. आणि टोकाशी जाड रीड तर मी करायचो. "ही रीड आहे की फळी?" असं तू म्हणायचीस.

तुझं पत्र मी इडिथला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "ऑगी, आडून आडून काय लिहितोस, सरळ विचार की तिला." म्हणून सरळ विचारतो. तू माझ्या खुर्चीत काय करतेस? तुला तिथं कुणी बसवलं? नाव कळव. मी या वयातही विमानात बसू शकतो.

ऑगी


बफेलो,
५ मार्च २०२३

प्रिय ऑगी,

तिकीट काढू नकोस. मला कुणी बसवलं नाही. मीच बसले.

गेल्या एप्रिलमध्ये एका सकाळी कॉफी ओठाच्या कोपऱ्यातून गाउनवर ओघळली. स्टॅन हसला, आणि मग हसायचा थांबला. माझ्या चेहऱ्याची उजवी बाजू उतरली होती. डॉक्टर म्हणाले, "पक्षाघात नाही, नस सुजलीय. बहुतेक सगळं परत येईल." आलं. बहुतेक. बोलताना आता कुणाच्या लक्षात येत नाही, पण ओबोच्या येतं. ओठ लवकर दमतो, आणि दमला की वरचा सूर निसटतो. उन्हाळाभर न्हाणीघराचं दार लावून वाजवत बसले. रडले. काही कारण नसताना स्टॅनवर ओरडले. तो बाहेरून म्हणायचा, "ओरड, ओरड, पण जेवायला बाहेर ये." हे सगळं तुला लिहायचं कसं, ते सुचेना. म्हणून नाताळचं पत्र राहिलं.

ऑगस्टमध्ये वाद्यवृंदाच्या मॅनेजरबाईंनी बोलावलं. मानानं निरोप द्यायची त्यांची तयारी होती. फुलं, भाषण, सगळं काही. तुझ्यानंतर आलेला मुलगा शिकागोला गेला होता, हे मला ठाऊक होतं. मी म्हटलं, "दुसऱ्या ओबोची खुर्ची रिकामीच आहे ना?" त्यांना वाटलं मी थट्टा करतेय. "लॉर्ना, अगं लोक काय म्हणतील?" "म्हणतील, ओबोवाली अजून जिवंत आहे." मग पहिल्या खुर्चीसाठी, वाजवणाऱ्याचं तोंड दिसू नये अशी पडद्यामागून परीक्षा झाली आणि इमानी जिंकली.

पहिल्या तालमीला ती माझ्यासमोर येऊन उभीच राहिली. "मिस लॉर्ना, तुम्ही इथं आणि मी तिथं? मला नाही जमायचं."

"पडद्यामागून जिंकलीस ना? मग बस," मी म्हटलं. "आणि श्वास कुठं घेणार ते मला आधी सांगत जा. म्हणजे मी माझा दुसरीकडे घेईन."

बसली बिचारी. मला माझी पहिली तालीम आठवली. वर्षभर पहिली खुर्ची सांभाळलेला तू, आणि पडद्यामागून येऊन ती पटकावणारी मी. तू मान वर करून बघितलंही नाहीस. पुढचे चार हंगाम तू माझ्याशी एक शब्द बोलला नाहीस. जेम्सटाउनहून येताना आपली बस बर्फात अडकली, तेव्हा अर्धं सँडविच पुढं करून म्हणालास, "हॅम चालतं ना?" हे आपलं पहिलं संभाषण. लोकांना सांगते तर आजही हसतात.

आता खरी गोष्ट.

इमानी घाबरली की तिचा सूर केसभर चढतो. ऑक्टोबरमधल्या एका मैफलीत असाच चढला. मी आपल्या जागेवर, बरोबर जागेवर राहिले असते, तर मी सुरात आणि ती बेसूर असं सगळ्या सभागृहाला ऐकू गेलं असतं. पण मी विचार करायच्या आधीच माझ्या ओठांनी काम केलं होतं. मीही तिच्याबरोबर केसभर चढले. आम्ही दोघी चढलो तसे बासूनवाले आणि क्लॅरिनेटवालेही आमच्यामागून आले, आणि कुणाला काही कळलं नाही. तिलाही नाही.

त्या शुक्रवारी मासा खाताना मी हे मोठ्या कौतुकानं फर्नला सांगितलं. ती लिंबू पिळत होती. म्हणाली, "मग त्यात नवल काय? तुझ्यासाठी ऑगी हेच तर करायचा."

"माझ्यासाठी? माझा सूर कधी चढायचा?"

"अगं, पहिली दोन वर्षं सारखा चढायचा! सोलो आला की हमखास. ऑगी तुझ्यामागून चढायचा आणि आम्ही ऑगीमागून. आमच्यातल्या एकानं कपड्यांच्या खोलीत विषय काढला, तर ऑगी त्याच्या अंगावर गेला. म्हणाला, तिला कुणी सांगायचं नाही. सांगितलं की आणखी घाबरेल, आणखी चढेल."

"पण तो तर माझ्याशी बोलत नव्हता."

"नव्हताच. मी विचारलं होतं त्याला. म्हणाला, भांडण माझं आणि तिचं आहे. सुराचं नाही."

ऑगी, माझ्या ताटातला मासा गार झाला. स्टॅननं खाल्ला शेवटी.

ती माझी कच्च्या नेमणुकीची वर्षं होती. तू नुसता आपल्या जागेवर बसून राहिला असतास, तरी त्यांनी मला घरी पाठवलं असतं आणि ती खुर्ची तुझीच होती. तुला काही वाईट करावं लागलं नसतं. फक्त बरोबर वाजवायचं होतं. आणि तू, ज्याला माझं तोंड बघायचं नव्हतं, तो रोज संध्याकाळी माझ्यासाठी चुकीचा सूर वाजवत होतास. पुढंही इतकी वर्षं शेजारी बसलास, भांडलास, माझ्या रीडला नावं ठेवलीस, पण हे कधी बोलला नाहीस. आणि मी आपली समजत होते की माझा सूर जन्मजात पक्का आहे.

म्हणून माझी कीव करू नकोस. मी सुखात आहे, हे मी मागच्या पत्रात खोटं लिहिलं नव्हतं. पहिल्या खुर्चीत असताना सोलो येईपर्यंत मला धड काही ऐकू यायचं नाही. आता सगळं ऐकू येतं. व्हायोला किती सुंदर वाजतात रे! इतकी वर्षं त्या माझ्यासमोरच होत्या. ओठ दमायच्या आत माझं काम झालेलं असतं, आणि घरी जाऊन जेवण गोड लागतं, पिएरोगी फुटलेल्या असल्या तरी.

काल इमानीचा मोठा सोलो होता, तो संथ, संपता न संपणारा. सुरू व्हायच्या आधी तिनं रीड दोनदा ओली केली. मी तिच्याखाली माझा खालचा सूर धरून बसले. मध्यावर ती थोडी चढली, तिच्याबरोबर मीही. मग उतरली. शेवटचा सूर तिनं असा सोडला की कंडक्टरही क्षणभर हात खाली घ्यायचे विसरले. टाळ्यांच्या वेळी त्यांनी तिला एकटीला उभं केलं. आम्ही सगळ्यांनी जमिनीवर पाय घासून तिला दाद दिली आणि सर्वांत जोरात मी घासले.

आत आल्यावर तिनं माझी बाही धरली. "मिस लॉर्ना, खरं सांगा. मधे मी चढले होते का?"

मी ओबो पुसत होते. म्हटलं, "कुठं गं? मला तर काही ऐकू आलं नाही."

ती उड्या मारत आईला फोन करायला पळाली.

तुला आता कुठं ओळखू लागलेली, तुझी शेजारीण,
लॉर्ना